वॉल्टर ऑस्बोर्न कोठे पाहावा? डब्लिनच्या नॅशनल गॅलरीचे एका चित्रकारापुरते परीक्षण

डब्लिनमधील ‘नॅशनल गॅलरी ऑफ आयर्लंड’विषयी लिहिली जाणारी बहुतेक परीक्षणे काराव्हाज्जोच्या एका चित्रापाशी सुरू होतात आणि व्हर्मेरच्या एका चित्रापाशी संपतात. त्यात गैर काही नाही. ख्रिस्ताच्या अटकेचे ते काराव्हाज्जोचे चित्र डब्लिनच्याच लीसन स्ट्रीटवरील जेझुइट पाद्र्यांच्या निवासस्थानी, भोजनगृहाच्या भिंतीवर, भलत्याच चित्रकाराच्या नावाने टांगलेले होते आणि १९९० मध्ये त्याची खरी ओळख पटली. ही हकीकत कोणालाही खेचून नेईल अशीच आहे. परंतु या गर्दीच्या वाटेवर एक आयरिश चित्रकार नेहमी मागे राहतो, आणि त्याला नीट पाहण्यासाठी जगात याहून चांगली जागा नाही. त्याचे नाव वॉल्टर ऑस्बोर्न. त्याचा जन्म १८५९ चा आणि मृत्यू १९०३ चा. व्यक्तिचित्रे आणि निसर्गचित्रे ही दोन्ही कामे त्याने अखेरपर्यंत केली, आणि ही दोन्ही एकमेकांत कशी मिसळत गेली हे याच इमारतीत, एका दुपारी, एकही युरो न मोजता तपासता येते. म्हणून हे परीक्षण संपूर्ण संग्रहालयाचे नसून ऑस्बोर्नच्या चाहत्याला, किंवा होऊ घातलेल्या चाहत्याला, हे संग्रहालय काय देते एवढ्यापुरते आहे.

आधी व्यवहाराच्या गोष्टी उरकून घेतो. कायमस्वरूपी संग्रहासाठी प्रवेश विनामूल्य आहे. मोठ्या तात्पुरत्या प्रदर्शनांना मात्र तिकीट असते. प्रवेशद्वारे दोन आहेत. एक मेरियन स्क्वेअरच्या बाजूचे, जेथे हिरवळीवर विल्यम डार्गन या रेल्वे कंत्राटदाराचा पुतळा उभा आहे, आणि दुसरे क्लेअर स्ट्रीटवरचे, जे २००२ मध्ये बांधलेल्या मिलेनियम विंगमध्ये उघडते. ट्रिनिटी कॉलेजपासून चालत आलात तर क्लेअर स्ट्रीटचे दार सोयीचे. मात्र आयरिश चित्रांसाठी येणाऱ्याने मेरियन स्क्वेअरकडून आत शिरावे असे माझे मत आहे, कारण त्या बाजूने जुन्या इमारतीत लगेच पोहोचता येते आणि मधल्या इटालियन व फ्लेमिश चित्रांनी डोळे दमत नाहीत. सामान ठेवायची सोय आहे, आणि फ्लॅश न वापरता छायाचित्रे घेता येतात. गुरुवारी संग्रहालय संध्याकाळी उशिरापर्यंत उघडे असते, त्यामुळे नोकरदार माणसालाही कार्यालय सुटल्यावर जाता येते.

ऑस्बोर्नच्या चित्रांपुढे उभे राहण्यापूर्वी त्याचे आयुष्य थोडे माहीत असावे, कारण चित्राशेजारच्या चार ओळींच्या पाटीत ते मावत नाही. तो डब्लिनच्या रॅथमाइन्स भागात, कॅसलवूड अॅव्हेन्यूवरील घरी वाढला आणि मधली भटकंती सोडली तर आयुष्यभर तेच त्याचे घर राहिले. वडील विल्यम ऑस्बोर्न हे प्राण्यांचे चित्रकार होते. जमीनदारांची कुत्री, घोडे आणि शिकारीचे ताफे रंगवून ते संसार चालवत. त्यांचे ‘द वॉर्ड हंट’ हे मोठे चित्र याच संग्रहालयाच्या मालकीचे आहे. ज्या घरात चित्र ही चैन नसून भाकरी असते, तेथील मुलाला गिऱ्हाइकाची मर्जी म्हणजे काय हे लहानपणीच कळते. ऑस्बोर्नला ते कळले होते, आणि पुढे ते त्याच्या उपयोगी पडले तसेच त्याच्या आडही आले, असे मला वाटते.

डब्लिनच्या रॉयल हायबर्नियन अकादमी या कलासंस्थेच्या शाळेत शिकताना त्याने टेलर शिष्यवृत्ती मिळवली आणि १८८१ मध्ये तो बेल्जियममधील अँटवर्पच्या कला अकादमीत दाखल झाला. तेथे चार्ल्स व्हेर्ला हे शिक्षक होते. त्या काळी आयरिश आणि इंग्रज विद्यार्थ्यांना पॅरिसइतकेच अँटवर्प आकर्षक वाटे, कारण तेथे समोरच्या माणसावरून थेट रंगवण्यावर भर असे. तेथून तो फ्रान्सच्या ब्रिटनी प्रांतात गेला, आणि तेथेच या संग्रहालयातले त्याचे पहिले महत्त्वाचे चित्र जन्माला आले.

‘अ‍ॅपल गॅदरिंग, कँपेर्ले’ हे १८८३ चे चित्र आकाराने लहान आहे. साधारण दोन फूट उंचीचे. एक मुलगी लांब काठीने झाडावरची सफरचंदे पाडते आहे आणि पाठीमागे गावातल्या चर्चची आकृती दिसते. पुनर्मुद्रणात हे चित्र गोड वाटते, आणि मूळ चित्रापुढे तोच समज पहिल्यांदा कोलमडतो. त्यात ऊन नाही. आभाळ भरलेले आहे, हिरवा रंग राखेकडे झुकलेला आहे आणि मुलीच्या अंगावर कोठेही ठळक सावली पडलेली नाही. फ्रान्समध्ये बास्तियँ-लपाज या चित्रकाराने जी पद्धत रूढ केली होती, म्हणजे शेतातल्या माणसाला शेतातच, ढगाळ आणि न बदलणाऱ्या उजेडात उभे करून रंगवायचे, तिचा हा शिस्तशीर अभ्यास आहे. ढगाळ दिवस निवडण्यामागे व्यावहारिक कारणही होते. ऊन दर तासाला सरकते, सावल्या फिरतात आणि बाहेर बसलेल्या चित्रकाराचे काम बिघडते. ढगाळ उजेड मात्र सकाळपासून दुपारपर्यंत सारखाच राहतो. जवळ जाऊन पाहिले तर सपाट, चौकोनी टोकाच्या कुंचल्याचे फटकारे वेगवेगळे मोजता येतील इतके स्पष्ट आहेत. गवत आणि पाने या फटकाऱ्यांनी बांधलेली आहेत, तर चेहऱ्यावर मात्र त्याने हात हलका ठेवला आहे. एकाच चित्रात दोन प्रकारची हाताळणी का, हा प्रश्न मनात धरून पुढच्या चित्रांकडे जावे, कारण ऑस्बोर्नची पुढची वीस वर्षे याच प्रश्नाचे उत्तर शोधण्यात गेली.

ब्रिटनीनंतर काही वर्षे त्याचा क्रम ठरलेला होता. उन्हाळा आणि शरद ऋतू इंग्लंडच्या खेड्यांत, हिवाळा डब्लिनला आईवडिलांकडे. सफोकच्या किनाऱ्यावरील वॉल्बर्सविक, मध्य इंग्लंडमधील इव्हशम, बर्कशायरची गावे असा त्याचा फिरता मुक्काम असे, आणि सोबत नॅथॅनियल हिल, एडवर्ड स्टॉट यांच्यासारखे चित्रकार मित्र असत. या काळातली चित्रे मला मनापासून आवडत असली तरी त्यांतल्या काहींत एक सुरक्षितपणा आहे हेही कबूल केले पाहिजे. मेंढ्या, कोबीचे वाफे, कुंपणाशी उभी मुले हे विषय त्या वेळच्या लंडनच्या प्रदर्शनांत हमखास खपत. ऑस्बोर्न ते उत्तम रंगवतो, पण त्याच्यासारखेच रंगवणारे आणखी डझनभर चित्रकार तेव्हा होते. १८८६ मध्ये तो रॉयल हायबर्नियन अकादमीचा पूर्ण सदस्य झाला तेव्हा त्याचे वय अवघे सत्तावीस होते, आणि तो इंग्लिश ग्रामीण चित्रकार म्हणूनच राहिला असता तरी कोणी त्याला नावे ठेवली नसती.

त्याला वेगळे केले ते डब्लिनच्या गल्ल्यांनी. ‘निअर सेंट पॅट्रिक्स क्लोज, अॅन ओल्ड डब्लिन स्ट्रीट’ हे १८८७ चे चित्र संग्रहालयात आहे. सेंट पॅट्रिक कॅथीड्रलभोवती तेव्हा शहरातली अत्यंत गरीब वस्ती होती. जुने कपडे, मासे, भाजी असा सगळा बाजार रस्त्यावरच भरत असे. चित्रात कॅथीड्रल मागे धूसर दिसते आणि पुढे आहेत ती रस्त्यावरची माणसे व मुले. ऑस्बोर्न त्यांच्यावर दया दाखवत नाही आणि त्यांना गोंडसही करत नाही. ती मुले त्या गल्लीत जशी वावरत असतील तशीच त्याने ठेवली आहेत. पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीस गिनेस घराण्यातील लॉर्ड आयव्ही यांनी ही वस्ती हटवून तेथे उद्यान केले. आज कॅथीड्रलला लागून असलेल्या त्या नीटस बागेत पर्यटक सँडविच खात बसतात, तेव्हा त्याच जमिनीवर मासळीबाजार होता हे कोणाच्या लक्षातही येत नाही. चित्र पाहून झाल्यावर पंधरा-वीस मिनिटे चालत तेथे जावे असे मी सुचवीन. संग्रहालयाबाहेर जाऊन चित्र पूर्ण होण्याची संधी फार थोड्या चित्रांच्या बाबतीत मिळते.

१८९२ च्या सुमारास तो कायमचा डब्लिनला परतला. पुढच्याच वर्षी त्याच्या आयुष्याला वळण देणारी घटना घडली. त्याची बहीण व्हायोलेट लग्न होऊन कॅनडाला गेली होती. ती बाळंतपणात वारली आणि तिची तान्ही मुलगी, जिचे नावही व्हायोलेटच ठेवले होते, रॅथमाइन्सच्या घरी आजी-आजोबांकडे वाढायला आली. वडील थकत चालले होते. म्हातारे आईवडील आणि एक लहान मूल एवढ्यांचा भार अविवाहित ऑस्बोर्नवर आला. निसर्गचित्रांवर हा भार पेलणे शक्य नव्हते. पैसा होता तो व्यक्तिचित्रांत, आणि डब्लिनच्या न्यायाधीशांना, विद्यापीठातल्या मानकऱ्यांना, सरदार-उमरावांना आणि त्यांच्या पत्नींना आपली चित्रे हवीच होती. शहरात स्टुडिओ थाटून त्याने हे काम अंगावर घेतले. त्याच्या चरित्राचा हा भाग बहुतेक ठिकाणी ‘आर्थिक गरजेपोटी तो व्यक्तिचित्रांकडे वळला’ अशा एका वाक्यात उरकला जातो, आणि वाचणाऱ्याला वाटते की येथून त्याची घसरण झाली. हा समज खोडून काढायला संग्रहालयातली चित्रे पुरेशी आहेत.

त्याची सगळी व्यक्तिचित्रे चांगली आहेत असे मात्र कोणी म्हणू नये. पदाचे झगे आणि बिल्ले घातलेल्या पुरुषांची चित्रे बऱ्याचदा ताठर वाटतात. चेहरा नेमका असतो, हात व्यवस्थित असतात, पार्श्वभूमी तपकिरी असते, आणि चौकटीपुढून हलल्यावर त्यातले काही लक्षात राहत नाही. अशा चित्रांत गिऱ्हाइकाला हवे ते देणारा विल्यम ऑस्बोर्नचा मुलगा दिसतो. स्त्रिया आणि मुले समोर आली की मात्र त्याचा हात मोकळा होतो. मिसेस नोएल गिनेस आणि त्यांची मुलगी मार्गारेट यांचे १८९८ चे चित्र १९०० च्या पॅरिसमधील जागतिक प्रदर्शनात कांस्यपदक मिळवून गेले, ते याच मोकळेपणामुळे. रेशमाची चमक, मुलीचा अस्वस्थ अंग चोरून बसण्याचा भाव, या गोष्टी तो आता रेषेने न पकडता उजेडाने पकडू लागला होता.

हा उजेड आला कोठून, याचे उत्तर ‘इन अ डब्लिन पार्क, लाइट अँड शेड’ या चित्रात आहे, आणि मला विचाराल तर केवळ या एका चित्रासाठी संग्रहालयाची पायरी चढावी. काळ १८९५ च्या आसपासचा. उद्यानातल्या एका लांब बाकावर वेगवेगळ्या वयाची माणसे शेजारी शेजारी बसली आहेत. तान्ह्या मुलाला कुशीत घेतलेली आई त्यांत आहे आणि थकलेले वृद्धही आहेत. कोणी कोणाशी बोलत नाही. वरच्या झाडाच्या पानांतून गाळून आलेले ऊन त्यांच्या अंगावर, बाकावर आणि जमिनीवर ठिपक्याठिपक्यांनी सांडले आहे. दोन-तीन पावलांवरून हे ऊन खरे वाटते. नाक जवळ नेले की तेथे फक्त फिकट पिवळसर आणि गुलाबी रंगाचे जाड थेंब उरतात, काही तर कोणाच्या कोटावर आहेत की मागच्या पानांवर आहेत हेही सांगता येत नाही. सफरचंदांच्या चित्रात ज्याने ऊन टाळण्यासाठी ढगाळ दिवस निवडला होता, तोच चित्रकार बारा वर्षांनी हलणारे, फसवे, क्षणाक्षणाला बदलणारे ऊन हाच विषय करतो.

येथे निसर्गचित्र आणि व्यक्तिचित्र यांच्यातली भिंत पडते. ही बाकावरची माणसे गरीब आहेत, त्यांनी चित्रकाराला पैसे दिलेले नाहीत, पण त्यांच्या चेहऱ्यांकडे त्याने न्यायाधीशांच्या चेहऱ्यांपेक्षा अधिक लक्ष दिले आहे. उलटपक्षी, श्रीमंत घरातील मायलेकींच्या चित्रात जे ऊब असलेले पांढरे रंग येतात, ते या बागेतच तयार झालेले आहेत. ज्या वर्षांत तो पोटासाठी व्यक्तिचित्रे रंगवत होता, त्याच वर्षांत त्याचे बाहेरचे काम सर्वांत धीट झाले, ही गोष्ट ‘घसरणी’च्या कथेत बसत नाही. १८९५ मध्ये तो स्पेनला गेला, सोबत होते याच संग्रहालयाचे तेव्हाचे संचालक वॉल्टर आर्मस्ट्राँग. पुढच्या वर्षी दोघे हॉलंडला गेले. स्पॅनिश चित्रकार व्हेलाझ्केझच्या चित्रांतला तो मोजका, सुटा फटकारा पाहून आलेल्या माणसाचा हात मोकळा झाला असेल तर नवल नाही.

संग्रहालयाच्या सेवेकडे वळताना पहिली दाद द्यायची ती उजेडालाच. ही वास्तू १८६४ मध्ये लोकांसाठी खुली झाली. मेरियन स्क्वेअरकडील जुने भाग अनेक वर्षे दुरुस्तीसाठी बंद होते आणि २०१७ मध्ये ते नव्याने उघडले. या कामात बुजवलेल्या खिडक्या मोकळ्या केल्या गेल्या, छतातून येणारा दिवसाचा प्रकाश पुन्हा आत आला. ऑस्बोर्नसारख्या चित्रकाराला याचा थेट फायदा होतो. त्याच्या चित्रांतले करडे आणि फिकट जांभळे रंग पिवळ्या दिव्याखाली मरतात. डब्लिनच्या नेहमीच्या ढगाळ आभाळातून गाळून आलेल्या उजेडात ते उभे राहतात. शक्य असेल तर दुपारी बाराच्या आसपास जावे. गुरुवारची संध्याकाळ सोयीची असली तरी हिवाळ्यात तोवर बाहेर अंधार झालेला असतो, तेव्हा या चित्रांसाठी तरी ती वेळ टाळावी.

मांडणीही विचारपूर्वक आहे. आयरिश कला स्वतंत्र दालनांत कालक्रमाने लावलेली असल्यामुळे ऑस्बोर्नच्या आधीचे आणि नंतरचे चित्रकार आपोआप डोळ्यांपुढून जातात. त्याचा विद्यार्थी विल्यम जॉन लीच याचे ‘अ कॉन्व्हेंट गार्डन, ब्रिटनी’ हे चित्र संग्रहालयातल्या सर्वांत लाडक्या चित्रांपैकी एक आहे. पांढऱ्या पोशाखातली तरुणी आणि तिच्याभोवती उन्हात पेटलेले हिरवे गवत असे ते चित्र पाहून लोक थबकतात. गुरूची बाग आणि शिष्याची बाग एकाच भेटीत पाहिल्या तर ऑस्बोर्नने अकादमीच्या वर्गात काय शिकवले असेल याचा अंदाज बांधता येतो. अकादमीचे अॅबी स्ट्रीटवरील घर १९१६ च्या ईस्टर उठावात जळून गेले, त्यामुळे त्या वर्गांचा मागोवा घ्यायला भिंतीवरची चित्रे हाच भरवशाचा पुरावा आहे.

एक गोष्ट मात्र आधीच समजून घ्यावी, नाहीतर विरस होईल. ऑस्बोर्नने तैलरंगांइतकेच पेस्टल आणि जलरंगातही काम केले, आणि कागदावरची ही कामे कायम भिंतीवर नसतात. ‘द डॉल्स स्कूल’ हे बाहुल्यांची शाळा भरवून बसलेल्या मुलीचे १९०० मधील मोहक चित्र याच वर्गातले. कागदावरचे रंग उजेडाने उडतात, म्हणून ती चित्रे अधूनमधूनच बाहेर काढली जातात. याच कारणाने इंग्रज चित्रकार टर्नरची जलरंगातली चित्रे, जी हेन्री व्हॉन यांनी १९०० मध्ये संग्रहालयाला दिली, दरवर्षी फक्त जानेवारी महिन्यात पाहायला मिळतात. जानेवारीतले ऊन सर्वांत मंद असते म्हणून दात्यानेच तशी अट घातली होती. तैलचित्रेही कधी दुसऱ्या प्रदर्शनाला उसनी जातात, कधी दुरुस्तीला. एखादे विशिष्ट चित्र पाहण्यासाठीच दुरून येणार असाल, तर आधी संग्रहालयाला ई-मेल करून ते भिंतीवर आहे का हे विचारून घ्यावे.

जे भिंतीवर नाही ते संकेतस्थळावर पाहता येते, आणि ही सेवा माझ्या मते प्रत्यक्ष भेटीइतकीच मोलाची आहे. संग्रहातल्या चित्रांची मोठ्या आकाराची छायाचित्रे तेथून उतरवून घेता येतात आणि जुन्या, स्वामित्वहक्क संपलेल्या चित्रांच्या बाबतीत श्रेय देऊन ती वापरताही येतात. ऑस्बोर्नचा मृत्यू होऊन शतक उलटले असल्याने त्याची चित्रे यात येतात. पुण्यात किंवा कोल्हापुरात बसून चित्रकला शिकणाऱ्या विद्यार्थ्याला ‘लाइट अँड शेड’मधला एकेक फटकारा पडद्यावर मोठा करून पाहता येतो, ही सोय त्याच्या शिक्षकांच्या पिढीला नव्हती.

याच चित्राची छापील प्रत मी एकदा एका ऑनलाइन विक्रेत्याकडून मागवली होती. कागद जाड होता, वेष्टन उत्तम होते, पण रंगांची वाट लागली होती. उन्हाचे ठिपके भडक पिवळे झाले होते आणि सावलीतला जांभळेपणा पार काळा पडला होता, त्यामुळे बाकावरची माणसे उन्हात नव्हे, गोवर उठल्यासारखी दिसत होती. नंतर संकेतस्थळावरचे छायाचित्र उतरवून घेऊन जवळच्या छपाईवाल्याकडून मंद पृष्ठभागाच्या कागदावर ते छापून घेतले, तेव्हा कोठे समाधान झाले. चकचकीत कागदावर ऑस्बोर्न छापू नये, एवढा सल्ला यातून देतो. संग्रहालयाच्या स्वतःच्या दुकानात आयरिश कलेवरची पुस्तके, पोस्टकार्डे आणि भेटवस्तू आहेत. काराव्हाज्जो आणि लीच तेथे जितके दिसतात तितका ऑस्बोर्न दिसत नाही, पण खपणाऱ्या गोष्टी दुकानात पुढे असणार हे गृहीतच धरायला हवे. उपाहारगृह ठीक आहे, चहा बरा मिळतो, याहून अधिक त्याविषयी लिहिण्यासारखे काही नाही.

ऑस्बोर्नचा शेवट पाहायचा असेल तर दुसऱ्या संग्रहालयाचा उल्लेख करावा लागतो. १९०० मध्ये त्याला ‘सर’ हा किताब देऊ केला गेला होता आणि त्याने तो नाकारला. जॉन लॅव्हरी आणि विल्यम ऑर्पन या दोन आयरिश व्यक्तिचित्रकारांनी लंडन गाठले, नाव आणि पैसा मिळवला आणि पुढे दोघांनाही सरदारकी मिळाली. आज जगाला तीच नावे अधिक माहीत आहेत. ऑस्बोर्न घरच्या जबाबदाऱ्यांनी बांधलेला डब्लिनलाच राहिला. १९०१ मध्ये वडील गेले. २४ एप्रिल १९०३ रोजी न्यूमोनियाने त्याचे निधन झाले तेव्हा तो त्रेचाळीस वर्षांचा होता. ‘टी इन द गार्डन’ हे चित्र तेव्हा अपुरेच होते. भाची व्हायोलेट त्यात आहे, बागेतले चहाचे टेबल आहे, आणि उरलेला कॅनव्हास सैल, ओल्या वाटणाऱ्या हिरव्या-पांढऱ्या फटकाऱ्यांनी भरलेला आहे. पुढच्या दहा वर्षांत तो कोठे पोहोचला असता याचा सर्वांत स्पष्ट अंदाज या अपुऱ्या चित्रावरून येतो. ते आहे पार्नेल स्क्वेअरवरील ह्यू लेन गॅलरीच्या संग्रहात, आणि १८९३ चे ‘द फिशमार्केट, पॅट्रिक स्ट्रीट’ हेही तेथलेच. ही गॅलरी मोठ्या नूतनीकरणासाठी २०२५ च्या सप्टेंबरअखेर बंद झाली असून हे काम साधारण तीन वर्षे चालेल असे जाहीर करण्यात आले आहे. तोवर ऑस्बोर्नची सगळी मदार मेरियन स्क्वेअरवरच आहे.

नोकरीनिमित्त डब्लिनला राहणाऱ्या मराठी कुटुंबांकडे उन्हाळ्यात भारतातून आईवडील येतात आणि मोहेरचे कडे, गिनेसचा कारखाना, ट्रिनिटीचे ग्रंथालय एवढे झाले की पुढे काय दाखवायचे असा प्रश्न पडतो. या संग्रहालयात जिने टाळून लिफ्टने फिरता येते, बसायला बाके आहेत, गर्दी क्वचितच अंगावर येते आणि खिशाला भार नाही. ऑस्बोर्न तर असा चित्रकार आहे की त्याच्यापुढे कलेचा इतिहास ठाऊक नसलेली माणसेही रेंगाळतात. बाकावर बसलेल्या त्या थकल्या माणसांची ओळख पटायला वेगळे ज्ञान लागत नाही. भव्य, नाट्यमय, भिंत व्यापणारी चित्रे ज्यांना हवीत त्यांनी काराव्हाज्जोकडेच जावे, त्यांची येथे निराशा होईल. इतरांनी मेरियन स्क्वेअरच्या दारातून शिरून आयरिश दालनांसाठी दीड तास राखून ठेवावा, ‘अ‍ॅपल गॅदरिंग’ आधी आणि ‘लाइट अँड शेड’ नंतर असा क्रम धरावा. पाचपैकी साडेचार गुण मी देतो. अर्धा गुण कापण्याचे कारण एवढेच की ऑस्बोर्नची कागदावरची कामे, रंग उडण्याची सगळी भीती मान्य करूनही, वर्षातून एकदा टर्नरसारखी ठरलेल्या महिन्यात लावता आली तर बरे होईल.